राक्षसाला शिंगे कोणी दिली?

चार-पाच वर्षांच्या कोणत्याही मुलाच्या हाती खडू द्यावा आणि राक्षस काढ म्हणावे. तो क्षणभरही अडणार नाही. काळे तोंड, लाल डोळे, ओठांबाहेर आलेले दोन सुळे, झुपकेदार मिशा आणि डोक्यावर दोन शिंगे. पाहता पाहता राक्षस तयार! बरे, त्या मुलाने राक्षस पाहिला कोठे? आपणही पाहिला नाही आणि आपल्या आज्यांनीही पाहिला नव्हता. मग हे इतके ठरीव रूप आले कोठून? पोथ्यांनी सांगितले, की चित्रकारांनी दिले? प्रश्न वरवर पोरकट दिसतो खरा. परंतु त्याचा धागा धरून मागे मागे गेले म्हणजे काही गमतीच्या आणि काही विचार करायला लावणाऱ्या गोष्टी हाती लागतात. वर्धापनदिनाच्या निमित्ताने त्याच भगिनींपुढे ठेवीत आहे.

प्रथम पोथीच उघडू. राक्षसांचा राजा म्हणजे रावण. वाल्मीकींच्या सुंदरकांडात सीतेच्या शोधार्थ लंकेत शिरलेला मारुती रात्री रावणाला झोपलेला पाहतो. तेथे कवीने त्याला मेघासारखा सावळा, अंगाला रक्तचंदन लावलेला, कानांत तेजस्वी कुंडले घातलेला असा रंगविला आहे. आणि त्या झोपलेल्या रावणाला तोंड एक व हात दोनच आहेत! दहा तोंडे दिसतात ती पुढे, भर दरबारात. त्या दरबारातही मारुतीला किळस येत नाही. उलट, काय हे रूप, काय हे धैर्य, काय हे तेज, असे त्याला वाटते. अधर्म एवढा प्रबळ नसता तर हा पुरुष स्वर्गाचाही रक्षक शोभला असता, असा त्याचा अभिप्राय आहे. शत्रूच्या दूताने शत्रूविषयी काढलेले हे उद्गार आहेत, हे ध्यानात घ्यावे. शिंगांचा तर तेथे पत्ताच नाही.

सावळ्या रंगाचे म्हणाल, तर रावण मेघासारखा तसा रामही मेघश्यामच. कृष्णाचे नावच काळा. आपला पंढरीचा विठोबाही काळाच. एकाच ढगाची उपमा कवींनी देवालाही दिली आणि राक्षसालाही. रंगावरून कोण कोणत्या पक्षाचा हे ओळखण्याची सोय त्यांनी ठेवलीच नाही.

याहून महत्त्वाची गोष्ट पुढे आहे. पंचवटीत सीतेपुढे रावण येतो तो कोणत्या रूपाने? मऊ भगवे वस्त्र, छत्री, पायांत पादुका, खांद्यावर दंड आणि कमंडलू, असा परिव्राजक होऊन. त्याच्या आधी मारीच येतो तो सोन्याच्या हरणाच्या रूपाने. भागवतातली पूतना घ्या. ती गोकुळात शिरते ती इतकी देखणी होऊन, की साक्षात लक्ष्मीच आली असे गोपींना वाटते आणि कोणी तिला अडवीत नाही. नांगराच्या फाळासारखे दात, गुहेसारख्या नाकपुड्या, तांबडे केस आणि आंधळ्या विहिरीसारखे खोल डोळे हे तिचे भयंकर रूप प्रकट होते ते ती मरून पडल्यावर. म्हणजे अपाय करतेवेळी सुंदर आणि अपाय टळल्यावर भयंकर! पोथी लिहिणाऱ्यांना माणसांची पारख चांगली होती असेच म्हणावे लागेल.

शूर्पणखेच्या बाबतीत मात्र कवींचे एकमत नाही. आपल्या नाशिकचे नाव तिच्या नाकावरून पडले असे परंपरा सांगते, तेव्हा ती आपल्या जवळचीच म्हणायची. वाल्मीकी तिला मूळच्या रूपातच आणतात आणि राम सुमुख तर ही दुर्मुखी, त्याची कंबर बारीक तर हिचे पोट मोठे, अशी जोडीजोडीने तुलना करतात. तमिळ कवी कंबन मात्र तिला सुंदर तरुणीचे रूप घ्यायला लावतो. १५७४ साली रामचरितमानस लिहावयास घेणारे तुलसीदासही तेच करतात. प्रसंग एकच, परंतु कवी बदलला की चेहरा बदलतो. देवगड (उत्तर प्रदेश) येथील गुप्तकालीन मंदिराच्या शिल्पात लक्ष्मण तिचे नाक कापावयास निघाला आहे. तेथे ती चार स्त्रियांसारखी एक स्त्रीच दिसते.

आता छिन्नी हाती घेणाऱ्यांकडे वळू. कवीला एक मोठी सोय असते. तो रूप बदलीत नेऊ शकतो. देवीमाहात्म्यात महिषासुर रेडा होतो, मग सिंह, मग तलवार घेतलेला पुरुष, मग हत्ती आणि पुन्हा रेडा. शेवटी रेड्याच्या तोंडातून अर्धा बाहेर येत असता देवी त्याचा वध करते. दगडात एवढे सारे कसे दाखवायचे? शिल्पकाराला एकच क्षण निवडावा लागतो, आणि कोणता क्षण निवडला यावरून काळ ओळखता येतो. विदिशेजवळच्या उदयगिरीच्या लेण्यात, इ. स. ४०१-४०२ च्या सुमारास, तो केवळ रेडा आहे. देवीने त्याला पायाखाली दाबले आहे. सातव्या शतकात महाबलीपुरमला तो देह माणसाचा आणि तोंड रेड्याचे असा झाला. हाती गदा, डोक्यावर राजछत्र, आणि माघार घेतानाही ताठ! आठव्या शतकातल्या वेरूळच्या कैलास लेण्यात रेड्याचे तोंडही गेले. उभा राहिला एक धिप्पाड पुरुष, आणि हा महिष आहे एवढे कळावे म्हणून डोक्यावर राहिली ती फक्त दोन शिंगे. पुढच्या काळात रेड्याच्या तुटलेल्या मानेतून निघणारा माणूस हे रूप सर्वत्र रुळले. आज नवरात्रात दिसतो तो हाच.

तर शिंगांचे मूळ असे आहे. ती भयासाठी नव्हती, ओळखीसाठी होती. ती एका महिषाची होती. आपण मात्र ती सरसकट साऱ्या राक्षसांना वाटून टाकली.

रावणाने शिल्पकारांना वेगळ्याच पेचात टाकले. दहा डोकी मांडायची कशी? मधले एक धरले तर उरतात नऊ. एका बाजूला चार आणि दुसरीकडे पाच, म्हणजे तोल गेलाच. दगडात मागची डोकी दिसत नाहीत असे मानून काही गाळता येतात. उत्तरेकडील अनेक चित्रांत मात्र दोन्हीकडे चार-चार आणि मधल्या डोक्यावर दहावे गाढवाचे, अशी मांडणी दिसते. त्याने तोलही साधला आणि राजाच्या अहंकाराची थट्टाही झाली.

मुंबईच्या बंदरातले घारापुरीचे बेट आपल्याला दूर नाही. सहलीच्या निमित्ताने अनेकजणी तेथे जाऊन आल्या असतील. सहाव्या शतकातल्या त्या लेण्यात अंधकासुरवधाचे शिल्प आहे. खालचा भाग भंगला असला तरी मुख्य मुद्रा शाबूत आहे. त्या शिल्पात वटारलेले डोळे आणि ओठांबाहेर आलेले सुळे कोणाचे आहेत? असुराचे नव्हेत, शंकराचे! तसेच नरसिंहाचे. वेरूळच्या दशावतार लेण्यात हिरण्यकशिपू हा देखणा, बांधेसूद योद्धा आहे. उग्र तोंड आहे ते देवाचे. कैलास लेण्यात पर्वत उचलू पाहणाऱ्या रावणाच्या देहातही कुरूपता नाही. तेथे आहे ते विलक्षण बळ, आणि ते बळ शंकराच्या पायाच्या एका दाबापुढे थिटे पडते, हा त्या शिल्पाचा अर्थ. शत्रू क्षुद्र दाखविला तर देवाचा पराक्रम तो काय राहिला, हे त्या कारागिरांना पक्के ठाऊक होते.

मग हा सुळ्यांचा, मिशांचा राक्षस आला कोठून? त्याला बऱ्याच अंशी रंगभूमी कारण झाली. १८४३ साली सांगलीला विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणले आणि त्या धर्तीची पौराणिक नाटके गावोगाव होऊ लागली. त्यांतल्या राक्षसांच्या आरोळीवरून त्या नाटकांना ‘अललडुर्र’ हे नावच पडले. विजेचे दिवे नव्हते, ध्वनिक्षेपक नव्हते. दिवट्यांच्या उजेडात शेवटच्या माणसालाही राक्षस आला हे कळावे, तर तोंड भडक रंगवणे आणि मोठ्याने ओरडणे याला इलाज नव्हता. कोकणच्या दशावतारातला संकासुर काळे कपडे आणि काळा मुखवटा घालून येतो तोही असाच. पण त्याला पाहून मुले भितात त्यापेक्षा हसतातच अधिक. डोंबिवली-कल्याणात स्थायिक झालेल्या कोकणच्या घरांना हे सांगायला नकोच.

जव्हार-मोखाड्याकडच्या आदिवासी गावांतला बोहाडाही तसाच. ३१ जुलै २०१४ पर्यंत ही गावे आपल्या ठाणे जिल्ह्यातच होती. दुसऱ्या दिवसापासून ती नव्या पालघर जिल्ह्यात गेली. कागदाच्या लगद्याचे मोठमोठे रंगीत मुखवटे घालून रात्रभर देवांची आणि राक्षसांची सोंगे नाचतात. जगदंबा आणि महिषासुर यांचे युद्ध हे त्यातले मोठे आकर्षण. सोंग घेण्याचा मान घराण्यात वडिलोपार्जित चालतो, आणि राक्षसाचे सोंग म्हणून त्यात कमीपणा नाही. मुखवटा उतरला की माणूस पुन्हा आपला शेजारी!

मुखवटा उतरवता येतो. छापील चित्र मात्र भिंतीवरून उतरत नाही. १८९४ साली मुंबईत राजा रविवर्म्यांचा छापखाना निघाला, पुढे तो मळवलीला गेला, आणि देवदेवतांची रंगीत चित्रे सामान्य घरांत पोहोचली. जटायुवधाच्या चित्रात रविवर्म्यांनी रावणाला एकच डोके दिले आहे. त्यांचा रावण माणूस आहे, म्हणूनच त्याचे कृत्य अधिक अंगावर येते. त्यानंतर कॅलेंडरे आली, १९५२ पासून मराठी ‘चांदोबा’ आला, १९६७ पासून ‘अमर चित्र कथा’ आली. या साऱ्यांनी मुलांना पुराणकथांची गोडी लावली, हे त्यांचे ऋण मोठे. परंतु लहान चौकोनात चटकन ओळख पटावी म्हणून देव गोरा किंवा निळा, आणि राक्षस काळा, आडदांड, जाड ओठांचा, अशी वाटणी बहुधा पक्की होत गेली. १९८७ मध्ये दूरदर्शनवर ‘रामायण’ सुरू झाले तेव्हा अरविंद त्रिवेदींचा रावण पाहून लोकांना नवल वाटले. तो रुबाबदार, विद्वान आणि गर्विष्ठ होता. खरे पाहता तो नवा नव्हता. पोथीतलाच रावण परत आला होता.

राक्षसाचा चेहरा दिसतो तितका पक्का नाही, याचा आणखी एक पुरावा शेताच्या बांधावर आहे. आपल्याकडे गावोगावी म्हसोबा असतो. हा म्हसोबा म्हणजे मुळात महिषच, असे मत दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९६२ च्या आपल्या ग्रंथात मांडले. देवीच्या पायाखालचा असुर म्हणून ज्याला आपण ओळखतो, तोच शेजारच्या शेतात रखवालदार देव! आणि त्याला बहुधा चेहराच नसतो, असतो तो शेंदूर लावलेला दगड. तिकडे मनालीला भीमाची पत्नी हिडिंबा, जन्माने राक्षसी, पण तिचे १५५३ साली बांधलेले लाकडी मंदिर आहे आणि तेथे ती देवी म्हणून पुजली जाते.

कोणी म्हणेल, चित्रातल्या राक्षसाचा एवढा विचार कशाला? तर त्याचे कारण आपल्या घरात आहे. संमेलनात रामायण बसवायचे ठरले की गोरी, नाजूक मुलगी सीता आणि सावळी, अंगाने भरलेली मुलगी शूर्पणखा, ही वाटणी कशी न बोलता होऊन जाते! त्या सावळ्या मुलीला त्या दिवशी जे समजते ते पुढे लग्नाच्या बाजारात तिला पुन्हा पुन्हा ऐकावे लागते. वस्तुतः द्रौपदीचे नाव कृष्णा होते आणि ती सावळीच होती. पोथीने जे केले नाही ते आपण चित्र पाहून करू लागलो.

दुसरे नुकसान याहून मोठे आहे. वाईट माणूस वाईट दिसतो असे एकदा मुलांच्या मनात बसले, की नीटनेटका, गोड बोलणारा, ओळखीचा माणूस त्यांना आपोआप चांगला वाटू लागतो. सीतेला फसवणारा भगव्या वस्त्रांत आला आणि बाळकृष्णाच्या जिवावर उठलेली पूतना लक्ष्मीसारखी दिसत होती, हे आपण गोष्ट सांगताना घाईघाईने ओलांडून जातो. हल्ली पोलीस अधिकाऱ्याच्या गणवेषात व्हिडिओ कॉल करून ‘डिजिटल अटके’ची भीती घालणारे भामटे भल्याभल्या सुशिक्षितांची आयुष्यभराची पुंजी लुटतात. त्यांच्या डोक्यावर शिंगे कोठे असतात?

नवरात्रात कल्याणच्या दुर्गाडी किल्ल्यावर दुर्गादेवीच्या दर्शनाला आपल्यापैकी कितीतरी जणी जातात. दुर्गम नावाच्या असुराला मारील म्हणून देवीचे नाव दुर्गा, असे देवीमाहात्म्य सांगते. त्या दुर्गमाचा चेहरा मात्र आपल्यापैकी कोणाच्याही डोळ्यांपुढे नाही. आणि ते एका परीने बरेच आहे. मुलांना गोष्ट सांगताना राक्षसाचे तोंड थोडे कमी रंगवावे आणि त्याने काय केले ते अधिक सांगावे. कोणाचे ओरबाडले, कोणाला फसविले, वर मिळताच कसा उन्मत्त झाला, हे सांगावे. करणीवरून ओळखायला शिकलेले मूल चेहऱ्याला भिणार नाही आणि चेहऱ्याला भुलणारही नाही.