द्विपद संभाव्यता : व्यक्तींच्या नमुन्यातील
मोठ्या लोकसंख्येतून यदृच्छ पद्धतीने निवडलेल्या ठरावीक व्यक्तींपैकी एखादे लक्षण किती जणांत आढळेल, याची संभाव्यता द्विपद वितरणाने काढतात. याकोब बर्नुली यांनी या गणिताचा पाया घातला. त्यांचा ग्रंथ त्यांच्या मृत्यूनंतर १७१३ मध्ये प्रसिद्ध झाला.

अटी : नमुन्याचा आकार आधीच ठरलेला असावा. प्रत्येक व्यक्तीत लक्षण एकतर असावे किंवा नसावे. ते असण्याची संभाव्यता प्रत्येक निवडीत सारखीच असावी आणि एका निवडीचा दुसरीवर परिणाम होऊ नये.

सूत्र : नमुन्यात न व्यक्ती असून लक्षणाची संभाव्यता स असेल, तर नेमक्या क व्यक्तींत ते आढळण्याची संभाव्यता तीन राशींच्या गुणाकाराएवढी असते : न! ÷ [क! (न − क)!], सचा क-घात आणि (१ − स) चा (न − क)-घात. पहिली राशी न जणांतून क जण निवडण्याचे एकूण प्रकार मोजते. वितरणाचा मध्य नस आणि प्रचरण नस(१ − स) असते.

उदाहरण : उत्तर युरोपीय वंशाच्या पुरुषांत लाल-हिरव्या रंगांधत्वाचे प्रमाण सुमारे ८ टक्के आहे. अशा १० पुरुषांच्या नमुन्यात एकही रंगांध नसण्याची संभाव्यता ०·९२ चा दशघात, म्हणजे ०·४३४ येते. नेमका एक असण्याची १० × ०·०८ × (०·९२ चा नवघात), म्हणजे ०·३७८ येते. या दोन्ही १ मधून वजा केल्यास किमान दोघे रंगांध असण्याची संभाव्यता ०·१८८ उरते.

मर्यादा : एकदा निवडलेली व्यक्ती पुन्हा निवडली जात नसल्याने संभाव्यता प्रत्येक निवडीगणिक किंचित बदलते. लोकसंख्येच्या मानाने नमुना लहान असल्यास हा फरक नगण्य ठरतो; एरवी अतिगुणोत्तरी वितरण वापरावे लागते. रंगांधत्व आनुवंशिक असल्याने वरील नमुन्यात सख्खे भाऊ घेतल्यास निवडी स्वतंत्र राहत नाहीत आणि सूत्र लागू पडत नाही.

उपयोग : निवड खरोखर यदृच्छ होती का, हे तपासण्यासाठी हेच गणित उलट दिशेने वापरतात. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापुढील ‘कास्तानेडा विरुद्ध पार्टिडा’ (१९७७) हा खटला याचे प्रसिद्ध उदाहरण आहे. टेक्सासमधील हिडाल्गो काउंटीत ७९·१ टक्के लोक मेक्सिकन-अमेरिकन होते; मात्र ११ वर्षांत ग्रँड ज्यूरीसाठी बोलावलेल्या ८७० जणांत ते ३३९ च होते. यदृच्छ निवडीत सुमारे ६८८ अपेक्षित होते. प्रमाण विचलन (प्रचरणाचे वर्गमूळ) सुमारे १२ असल्याने ही तफावत जवळपास २९ प्रमाण विचलनांची ठरली. एवढी तफावत केवळ योगायोगाने पडणे जवळजवळ अशक्य आहे. निवड यदृच्छ नव्हती, एवढेच या आकड्यांवरून कळते. त्यामागचे कारण त्यांतून कळत नाही. न्यायालयाने म्हणूनच हा भेदभावाचा प्रथमदर्शनी पुरावा मानून त्याचे खंडन करण्याची जबाबदारी राज्यावर टाकली. राज्याला ते करता आले नाही, असा निर्णय न्यायालयाने दिला.