ऑर्कनी बेटांवरील दगडी घरे आणि थडगी

वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत थडग्यांवर लेख, हे ऐकून आमच्या संपादिकाबाईंच्या कपाळाला प्रथम आठी पडली. शुभप्रसंगी असला विषय कशाला, असे त्यांचे म्हणणे. परंतु ज्या थडग्यांविषयी मी लिहिणार आहे ती पाच हजार वर्षांपूर्वीची आहेत, आणि त्यांतून निघते ती मरणापेक्षा जगण्याचीच हकीकत अधिक. त्या हकीकतीत बायकांचा वाटा कोणता, हे विद्वानांनी वेळोवेळी निरनिराळे सांगितले आहे. तेव्हा विषय आपल्या मंडळाला अगदीच परका नाही.

स्कॉटलंडच्या उत्तर टोकापलीकडे, पेंटलंडच्या खवळत्या सामुद्रधुनीच्या पैलतीरी ऑर्कनी नावाचा द्वीपसमूह आहे. लहानमोठी सत्तरेक बेटे. त्यांतील वीसेक बेटांवर वस्ती. ही बेटे इतकी उत्तरेला आहेत की डिसेंबरात सूर्य जेमतेम सहा तास दिसतो, आणि जूनमध्ये मध्यरात्रीही पुरता अंधार होत नाही. वारा बारा महिने. ही बेटे स्कॉटलंडकडे आली कशी, तेही ऐकण्यासारखे आहे. इ. स. १४६८ साली डेन्मार्क व नॉर्वेचा राजा पहिला ख्रिश्चन याने आपली मुलगी मार्गारेट हिचे लग्न स्कॉटलंडच्या तिसऱ्या जेम्सशी ठरविले. हुंडा ठरला साठ हजार फ्लोरिन. वधूपित्याजवळ रोकड नव्हती, म्हणून पन्नास हजारांपोटी त्याने ऑर्कनी बेटे गहाण टाकली. उरलेल्या दहा हजारांतले दोनच हजार जमले, तेव्हा पुढच्या वर्षी शेटलंड बेटेही गहाण पडली. गहाण कधी सुटलेच नाही. १४६९ साली मार्गारेट लग्नाला उभी राहिली तेव्हा ती तेरा वर्षांची होती. हुंड्यापायी घरे गहाण पडलेली आपण ऐकली आहेत. इथे देशाचा तुकडाच गेला!

पण मला सांगायची आहे ती गोष्ट या राजेरजवाड्यांच्या आधी चार-साडेचार हजार वर्षांची. त्या काळी या बेटांवर शेतकरी येऊन राहिले. होड्यांतून गुरे, मेंढ्या आणि जवाचे बी घेऊन ते आले. त्या होड्यांतून एक बिनबोलावलेला पाहुणाही आला असावा. ऑर्कनीत एका जातीचा आखूड शेपटीचा उंदीर आहे. तो ब्रिटनच्या मुख्य भूमीवर कोठेच नाही, आणि त्याचे सगेसोयरे आहेत ते थेट युरोप खंडावर. म्हणजे बेल्जमच्या बाजूने कोणी तरी थेट इकडे आले आणि गवताच्या किंवा धान्याच्या गाठोड्यात हे बिऱ्हाड लपून आले, असा तर्क आहे.

बेटांवर लाकूड थोडे, पण दगड मात्र फार गुणाचा. तेथील खडक थराथरांचा असून फटीत पाचर मारली की फळीसारखी सपाट फरशी सुटते. लोखंड नाही, तांबेही नाही, अशा काळात याहून मोठी देणगी ती कोणती? सुताराची सारी कामे या लोकांनी दगडात केली.

ती कशी, हे पाहायला मिळाले एका वादळामुळे. १८५० च्या हिवाळ्यात पश्चिम किनाऱ्यावर स्केल नावाच्या उपसागराकाठी वाऱ्याने वाळूच्या टेकडीवरचे गवत उपटून नेले आणि खाली चक्क घरे दिसू लागली. हेच स्कारा ब्रे. तेथले जमीनदार विल्यम वॉट यांनी काही घरे उकरली. पुढे १९२५ मध्ये दुसऱ्या वादळाने भिंतींची पडझड केली, तेव्हा समुद्राला आडवा बांध घालण्यात आला, आणि १९२८ ते १९३० या काळात गॉर्डन चाइल्ड या गाढ्या पुरातत्त्वज्ञाने शास्त्रशुद्ध उत्खनन केले. चाइल्डसाहेबांना ही वस्ती इ. स. पूर्व ५०० च्या सुमाराची वाटली होती. नंतर किरणोत्सर्गी कार्बनाची परीक्षा निघाली आणि काळ ठरला इ. स. पूर्व सुमारे ३१८० ते २५००. मोहेंजोदडोच्या विटा रचल्या जात होत्या तेव्हा स्कारा ब्रे उजाड होण्याच्या बेतात होते, एवढे सांगितले म्हणजे पुरे.

या घरांचे वर्णन वाचताना मी संसारी बाईच्या नजरेने वाचीत गेले. एकच मोठी खोली, कोपरे गोलसर. मधोमध चौकोनी चूल. दोन्ही अंगांना उभ्या फरश्यांच्या चौकटीत बिछाने; त्यांत वाळके गवत व कातडी घालीत असावेत. दारासमोरच्या भिंतीला दुमजली दगडी मांडणी. आत शिरल्याबरोबर पहिली नजर तिच्यावरच पडावी, अशी जागा. आपल्याकडे घासलेली पितळी भांडी जशी समोर मांडतात, तशीच हौस तिथेही असली पाहिजे. एरवी मांडणी दारासमोरच कशाला? जमिनीत दगडी पेट्या बसवून त्यांच्या फटी मातीने लिंपलेल्या, म्हणजे पाणी झिरपू नये. पाटा-वरवंट्यासारखे दळण्याचे दगड. हाडाच्या सुया, मणी, गेरूचा रंग ठेवायच्या लहान वाट्या. सांडपाण्याला दगडी गटारे. घरे उघड्या माळावर न बांधता जुन्या उकिरड्याच्या ढिगात रुतवून बांधलेली, त्यामुळे वारा लागत नसे आणि ऊब राही. एका घरातून दुसऱ्या घरात जायला छपराचे बोळ, तेही इतके ठेंगणे की वाकूनच जावे लागे. दाराला दगडी फळी आणि तिला आतून अडसर.

आता बिछान्यांविषयी. उजव्या हाताचा बिछाना मोठा आणि डाव्या हाताचा लहान, असे घरोघर दिसते. चाइल्डसाहेबांनी सांगितले की मोठा पुरुषाचा, लहान बाईचा. कारण काही लहान बिछान्यांत मणी व रंगाच्या वाट्या सापडल्या, आणि हेब्रिडीज बेटांवर अशी चाल होती. असेलही. पण मणी काय पुरुष घालीत नसत? आणि मोठा बिछाना तान्ह्यासह निजणाऱ्या आईचा का नसावा? दुसरीही एक कथा त्यांनी रंगवली. सातव्या क्रमांकाच्या घराच्या दाराशी आणि बोळात मणी विखुरलेले मिळाले. त्यावरून, वादळ येताच घाबरून पळणाऱ्या बाईची माळ अरुंद दारात तुटली, असे चित्र त्यांनी उभे केले. चित्र मोठे हृद्य आहे, परंतु पुढच्या अभ्यासकांना तो घाईघाईचा पळ मान्य नाही. गाव हळूहळू, पिढ्या दोन पिढ्यांत रिकामे झाले असावे, असे त्यांचे मत. मला हेच पटते. घाबरून पळणाऱ्या बायका कथेत फार सोयीच्या असतात.

त्याच सातव्या घरात खरोखर विचार करायला लावणारी गोष्ट निराळीच आहे. इतर घरांपासून ते जरा अलग, आणि त्याचे दार आतून नव्हे तर बाहेरून बंद करता येत असे. आणि भिंत व उजवा बिछाना यांच्याखाली दोन स्त्रियांचे पुरलेले सांगाडे निघाले. घर बांधण्याआधीच त्यांना तेथे ठेवले होते. मला पहिल्यांदा आठवली ती आपल्या जुन्या वाड्यांतील बाळंतिणीची अंधारी खोली. हा माझा केवळ तर्क; त्यास पुरावा नाही. पण त्या दोघींच्या अंगावर ते घर उभे राहिले, ते कोणाच्या तरी इच्छेने, हे खास. आपल्या पुणे जिल्ह्यातील इनामगाव येथे १९६८ पासून झालेल्या उत्खननात घराच्या जमिनीखाली, दोन मडकी तोंडाला तोंड लावून त्यांत ठेवलेली तान्ही मुले सापडली. ऑर्कनीशी त्याचा काही संबंध नाही. पण आपल्या माणसाला घराबाहेर न पाठवण्याची ओढ दोन्हीकडे दिसते.

आता थडग्यांकडे वळू. सर्वांत देखणे मेझहाऊ. बाहेरून पाहिले तर हिरव्या गवताचा ढीग, ११५ फूट व्यासाचा आणि २४ फूट उंच. आत जायला सुमारे ३६ फूट लांबीचा बोळ, कमरेत वाकून जाण्याइतकाच. आत पंधरा फुटी चौकोनी दालन. तीन बाजूंना तीन कोनाडेवजा खोल्या. चुना नाही, माती नाही, फरशीवर फरशी किंचित पुढे सरकवीत छत मिटवत नेले आहे. बोळाची दिशा अशी साधली आहे की मकर संक्रमणाच्या सुमारास, वर्षातल्या सर्वांत लहान दिवसाच्या मागेपुढे तीन तीन आठवडे, मावळतीचे ऊन बोळातून थेट मागच्या भिंतीवर येऊन पडते. सहा तासांचा दिवस ज्यांच्या वाट्याला येतो, त्यांना परत फिरणारा सूर्य किती मोलाचा वाटत असेल!

या थडग्यात पुढे बाराव्या शतकात नॉर्स लोक छप्पर फोडून शिरले. एका सागाकथेत ११५३ च्या हिवाळ्यात हिमवादळामुळे काही जण येथे आश्रयाला आले व त्यांतील दोघांना वेड लागले, अशी हकीकत आहे. त्या लोकांनी भिंतींवर रून लिपीत तीसेक लेख कोरले. मजकूर म्हणाल तर आपल्या किल्ल्यांवर सहलीला जाणारे टवाळ लिहितात तसाच: अमक्याने हे कोरले, तमक्याने उंचावर कोरले, अमुक बाई सर्व बायकांत रूपवती. रूपवतीच्या लेखाशेजारी लाळ गाळणारा कुत्रा कोरला आहे, तोही शोभून दिसतो. परंतु एक लेख असा आहे की तिथे मी थबकले. जेरुसलेमच्या यात्रेकरूंनी हा ढीग फोडला, असे सांगून खाली नाव आहे ते ह्लीफ नावाच्या बाईचे. ती जार्लच्या, म्हणजे तेथील सरदाराच्या, घरची मुदपाकखान्याची व्यवस्था पाहणारी. सरदाराच्या कोठीघराच्या किल्ल्या सांभाळणाऱ्या बाईला अक्षरे येत होती आणि दगडावर छिन्नी चालविता येत होती! तिने कोणाच्या रूपाचे गोडवे गायले नाहीत की उंचीची बढाई मारली नाही. काय घडले तेवढे लिहिले आणि आपले नाव घातले.

मेझहाऊत हाडे जवळजवळ मिळालीच नाहीत. ती मिळाली इसबिस्टरला. साउथ रोनाल्डसे बेटावर कड्याच्या माथ्यावर १९५८ मध्ये रोनाल्ड सिमिसन या शेतकऱ्याला हे थडगे सापडले, आणि १९७६ मध्ये त्याने स्वतःच ते उकरले. आत सुमारे सोळा हजार मानवी हाडे. सांगाडे अखंड नव्हेत, सारी सरमिसळ, कवट्या एकीकडे रचलेल्या. आधी ३४० माणसे मोजली गेली. फेरमोजणीत आकडा बराच खाली आला. शिवाय समुद्री गरुडांचीही पुष्कळ हाडे, म्हणून त्यास गरुडांचे थडगे हे नाव पडले. गरुड हे त्या लोकांचे कुलचिन्ह, असे बरीच वर्षे छापून येत होते. पुढे हाडांचा काळ तपासला तेव्हा गरुड थडगे बांधल्यानंतर कित्येक शतकांनी ठेवलेले निघाले. प्रेते आधी उघड्यावर पक्ष्यांसाठी ठेवीत, मुंबईच्या पारशी दोखम्याप्रमाणे, हाही तर्क होता. आता काही अभ्यासक म्हणतात की प्रेते आतच ठेवून पुढे हाडे हलवीत असत.

परंतु हाडे एक गोष्ट निःसंशय सांगतात, ती कष्टांची. पन्नाशी गाठलेले फार थोडे. पाठीचे मणके झिजलेले, सांधे सुजून खरबरीत झालेले. आणि काही कवट्यांवर, मुख्यतः बायकांच्या, आडवी दबलेली खूण. डोक्यावरून पट्टा किंवा दोर घेऊन पाठीवर ओझे वाहिल्याने, तेही कोवळ्या वयापासून, हाड असे दबते. डोक्यावर चुंबळ ठेवून हंडे वाहिलेल्या आपल्या आज्यांना हे वेगळे सांगायला नको. मेझहाऊसाठी कोणी किती दगड ओढले, याचे हिशेब पुरातत्त्वज्ञ मांडतात. पण त्या गड्यांच्या चुलीसाठी रोज जळण कोणी आणले, त्याचा हिशेब या कवट्यांवर उमटला आहे.

अगदी अलीकडे, २०२२ मध्ये, प्राचीन हाडांतील आनुवंशिक द्रव्याचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यात वेस्ट्रे बेटावरील लिंक्स ऑफ नॉल्टलंड येथील ताम्रपाषाण काळानंतरच्या, म्हणजे कांस्ययुगातील, दफनांचा विचार आहे. त्या काळी बाहेरून आलेल्या लोकांचे रक्त बेटांवर इतके मिसळले की जुना वंश जवळजवळ झाकून गेला. ब्रिटनमध्ये इतरत्र असे झाले तेथे पुरुषांची कुळेही बदलली. ऑर्कनीत मात्र बापाकडून मुलाकडे जाणारी खूण जुन्या शेतकऱ्यांचीच राहिली, पुढे निदान हजार वर्षे. याचा अर्थ असा की बाहेरून आल्या त्या प्रामुख्याने स्त्रिया. घर, शेत आणि बापाचे नाव मुलगे धरून बसले. सामुद्रधुनी ओलांडून, परक्या बोलीच्या घरात आल्या त्या मुली. त्या सुखाने आल्या की देवघेवीत आल्या, हे हाडांवर लिहिलेले नसते. पण पंधराव्या शतकातील मार्गारेट उत्तरेच्या समुद्रावरून सासरी निघाली, तेव्हा ती वाट तीन हजारांहून अधिक वर्षांची जुनी होती.

नॉल्टलंडची ही हाडे मिळाली तीही केवळ निकडीमुळे. वाऱ्याने वाळूच्या टेकड्या झपाट्याने उडू लागल्या, थडगी उघडी पडू लागली आणि ती समुद्राकडे जाण्यापूर्वी उत्खनकांनी धावपळ करून बाहेर काढली. त्याच जागी २००९ मध्ये दीड इंचाची एक दगडी बाहुली निघाली. दोन ठिपक्यांचे डोळे, वर भुवयांच्या रेघा आणि छातीशी दोन वर्तुळे. स्कॉटलंडमध्ये सापडलेला माणसाचा सर्वांत जुना चेहरा तो हाच. तेथल्या लोकांनी तिचे नाव ठेवले आहे, वेस्ट्रेची बायको.