ल फार

समलिंगी मुक्ती व स्त्रीमुक्ती या चळवळींतील सहकार्य टिपणारा फ्रेंच व्हिडिओ-लघुपट (१९७१). दिग्दर्शिका कारोल रुसोपुलोस (१९४५–२००९). कृष्णधवल; अवधी सु. २६ मिनिटे. समलिंगी व्यक्तींच्या ‘क्रांतिकारी कृती आघाडी’च्या फ्रेंच आद्याक्षरांवरून शीर्षक घेतले आहे. १९७१ मध्ये पॅरिसमध्ये स्थापन झालेल्या या आघाडीच्या उभारणीत स्त्रीवादी लेस्बियन कार्यकर्त्या अग्रभागी होत्या. १ मे १९७१ रोजी कामगारांच्या मोर्चात आघाडीचे सदस्य स्त्रीमुक्तीवादी कार्यकर्त्यांसोबत सहभागी झाले. त्या मोर्चाची दृश्ये व व्हँसेन विद्यापीठातील चर्चा लघुपटात एकत्र गुंफली आहेत. गी ओकँगेम प्रभृती कार्यकर्ते कॅमेऱ्यासमोर स्वतःच भूमिका मांडतात. सहज वाहून नेता येणाऱ्या पोर्टापॅक कॅमेऱ्यामुळे हे चित्रण चळवळीच्या आतून शक्य झाले.