खाकी उतरवून दिल्लीत पोहोचलेला फौजदार

सुशीलकुमार शिंदे सोलापूरच्या कोर्टात नोकरी करत शिकले, मग पोलीस फौजदार झाले. १९७१ मध्ये शरद पवारांच्या आग्रहावरून त्यांनी खाकी उतरवली. पण १९७२ ला तिकीटच मिळालं नाही! हातची सरकारी नोकरी गेलेली. अखेर १९७४ च्या पोटनिवडणुकीत ते करमाळ्यातून आमदार झाले. पुढे राज्यसभा, सोलापूरची खासदारकी.

२००२ ची उपराष्ट्रपतिपदाची लढत तर दोन माजी फौजदारांची होती. भैरोंसिंह शेखावतांना ४५४ मतं, शिंदेंना ३०५. (याच शेखावतांना २००७ मध्ये राष्ट्रपतिपदासाठी अमरावतीच्या माजी खासदार प्रतिभा पाटील यांनी हरवलं.)

शिंदे २००३ मध्ये मुख्यमंत्री आणि २०१२ मध्ये देशाचे गृहमंत्री झाले. कसाबला फाशी झाली, तेव्हा हेच खातं त्यांच्याकडे होतं. २०१४ आणि २०१९ मध्ये मात्र सोलापूरनेच त्यांना हरवलं.