प्रिझम म्हणजे काय? काळाला दोन फाटे फोडणारं काल्पनिक यंत्र

प्रिझम हे अमेरिकन विज्ञानकथाकार टेड चँग यांच्या एका दीर्घकथेतलं यंत्र. ही कथा २०१९ मध्ये आलेल्या 'एक्झलेशन' या संग्रहात आहे.

कसं चालतं?
प्रिझम सुरू केलं की आत एक क्वांटम मापन होतं. निकाल दोनच: लाल दिवा किंवा निळा. दोन्ही निकाल खरे ठरतात आणि तिथून काळाला दोन फाटे फुटतात. दोन्ही जगांत तुम्ही असता आणि एकमेकांशी मेसेजवर किंवा व्हिडिओवर बोलू शकता.

मर्यादा काय?
१. डेटा ठरावीक असतो. व्हिडिओने तो झटपट संपतो आणि रिचार्ज नाही. संपला की संपर्क कायमचा तुटतो.
२. यंत्र सुरू होण्याआधीचा भूतकाळ दोघांचा एकच असतो. 'दहावीनंतर आर्ट्स घेतलं असतं तर?' हे बघायचं, तर प्रिझम ॲडमिशनच्या आधी सुरू केलेलं हवं.

यात खरं किती?
ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलेल्या विचारातून 'अनेक विश्वां'ची कल्पना पुढे आली. प्रिझम हे नाव भौतिकशास्त्रज्ञ रायनर प्लागा यांच्यावरून घेतलंय. पण असं यंत्र प्रत्यक्षात नाही.

मग वाचायचं कशाला?
कथेतले लोक दुसऱ्या जगातल्या स्वतःशी तुलना करून झुरत बसतात. इन्स्टावर आपलं होतं तसंच! 'कुठल्यातरी जगात मी उलटच वागणार, मग आज कसंही वागलो तर काय बिघडलं?' असंही काहींना वाटतं. कथेचं उत्तर असं: आज नीट वागलात, तर पुढच्या फाट्यांमधले जास्तीत जास्त 'तुम्ही' नीट वागतील.