यंत्र, कसब आणि संघटना : अमेरिकेतील खिळेजुळाऱ्यांच्या संघाचा इतिहास

यंत्र आले की कसबी कामगार विस्थापित होतो आणि त्याची संघटना त्या यंत्राला विरोध करते, असे एक सूत्र कामगार चळवळीच्या इतिहासात पुष्कळदा गृहीत धरले जाते. अमेरिकेतील खिळेजुळाऱ्यांच्या, म्हणजेच कंपॉझिटरांच्या, संघाचा इतिहास ह्या सूत्रात बसत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ह्या संघाने एका क्रांतिकारक यंत्राचा स्वीकार करून आपले सामर्थ्य वाढविले. पुढे पाऊणशे वर्षांनी, तेच धोरण हाती असताना, दुसऱ्या यंत्रापुढे तो निष्प्रभ ठरला. एकच धोरण एकदा तारक ठरते आणि पुन्हा निरुपयोगी होते, ह्याचे कारण शोधणे हे ह्या इतिहासाच्या अभ्यासाचे खरे प्रयोजन होय.

ह्या संघाची स्थापना १८५२ साली सिनसिनाटी येथे ‘नॅशनल टायपोग्राफिकल युनियन’ ह्या नावाने झाली. तत्पूर्वीच मोठमोठ्या शहरांतून स्थानिक संघ उभे राहिले होते. १८५० मध्ये स्थापन झालेल्या न्यूयॉर्कच्या संघाचे पहिले अध्यक्ष सुप्रसिद्ध संपादक होरेस ग्रीली हे होते. कॅनडातील संघ सामील होऊ लागल्यावर १८६९ साली ‘नॅशनल’ऐवजी ‘इंटरनॅशनल’ हा शब्द नावात आला. ह्या संघाचे मूळ मात्र त्याहून जुन्या परंपरेत होते. इंग्लंडमधील छापखान्यांत एका ठिकाणी काम करणाऱ्या जुळाऱ्यांच्या मंडळीस ‘चॅपेल’ म्हणत. हीच चॅपेल अमेरिकेतही संघाचा पाया झाली. उमेदवारांची संख्या किती असावी, उमेदवारी किती वर्षे चालावी, जुळणीखात्यात कोणास घ्यावे, ह्या बाबी संघाच्या नियमांनी ठरत. इतकेच नव्हे, तर जुळणीखात्याचा फोरमन हाही संघाचा सभासद असलाच पाहिजे, असा नियम होता. सारांश, व्यवसायाच्या प्रवेशद्वारावरील ताबा हेच ह्या संघाच्या शक्तीचे मर्म होते.

परंतु प्रवेशद्वार अडवून धरण्यात एक धोका असतो. ज्यांना बाहेर ठेवावे, त्यांचाच उपयोग मालकास आतल्यांविरुद्ध करून घेता येतो. स्त्री-जुळाऱ्यांच्या बाबतीत हे प्रत्ययास आले. पुरुष जुळारी स्त्रियांस संघात घेत नसत आणि संपाच्या काळात मालक त्यांच्या जागी स्त्रियांची नेमणूक करीत. १८६८ साली ऑगस्टा लुईस हिच्या पुढाकाराने न्यूयॉर्कमध्ये स्त्रियांचा स्वतंत्र संघ निघाला. पुढच्याच वर्षीच्या संपात ह्या संघाने पुरुषांची बाजू घेतली, आणि १८६९ च्या अधिवेशनात त्यास मान्यता मिळाली. १८७० मध्ये लुईस राष्ट्रीय संघाची पत्रव्यवहार-चिटणीस म्हणून निवडून आली. समान कामास समान वेतन हे तत्त्व संघाने मान्य केले त्यात न्यायबुद्धी होती, तसा व्यवहारही होता. कारण स्त्रीचे वेतन कमी राहिले, तर पुरुषाचेही वेतन टिकणार नाही, हे उघड होते.

ह्याच व्यवहारी दृष्टीची खरी कसोटी लायनोटाइपने घेतली. ओटमार मेर्गेनथालर ह्याने सिद्ध केलेले हे यंत्र १८८६ च्या जुलैमध्ये ‘न्यूयॉर्क ट्रिब्यून’मध्ये सुरू झाले. एकेक खिळा हाताने उचलून ओळ जुळविण्याऐवजी चालक कळफलकावर बोटे चालवी आणि यंत्र शिशाची सबंध ओळ ओतून काढी. हाताने जुळणी करणाऱ्या अनेकांचे काम एक चालक करू लागला. अशा वेळी यंत्रावर बहिष्कार घालण्याचा मोह संघास सहज झाला असता. परंतु १८८८ आणि १८८९ च्या अधिवेशनांत संघाने निराळा मार्ग पत्करला. यंत्र येण्यास हरकत नाही. मात्र त्यावर बसणारा उमेदवारी पूर्ण केलेला जुळारीच असला पाहिजे आणि त्याचे वेतन संघाच्या दराने ठरले पाहिजे, अशी ती भूमिका होती.

ही भूमिका यशस्वी झाली, त्याची कारणे दोन. लायनोटाइपचा कळफलक नव्वद कळांचा आणि टंकलेखनयंत्राहून वेगळा होता. त्यावर नुसती बोटांची चपळाई पुरत नसे. शब्दांतील अंतर, ओळीचे माप, विरामचिन्हे, हस्तलिखितातील चुका ह्यांचे ज्ञान चालकास लागे, आणि ते जुन्या जुळाऱ्यापाशी आधीच होते. दुसरे कारण असे की, जुळणी स्वस्त झाल्याने वृत्तपत्रांची पाने वाढली, पुस्तके वाढली आणि कामाची मागणीही वाढली. जॉर्ज बार्नेट ह्या अर्थशास्त्रज्ञाने ह्या स्थित्यंतराचा सूक्ष्म अभ्यास केला. यंत्राने कसब नष्ट केले नाही, तर त्याचे स्थान केवळ बदलले, असे त्या अभ्यासावरून दिसते. संघाचे बळ किती वाढले होते, ह्याचे प्रत्यंतर १९०६ मध्ये आले. पुस्तके व किरकोळ कामे छापणाऱ्या छापखान्यांत आठ तासांच्या दिवसासाठी झालेला लढा १९०८ पर्यंत बहुतेक ठिकाणी जिंकला गेला.

संघाच्या अंतर्गत जीवनाचेही एक वैशिष्ट्य येथे नमूद करणे आवश्यक आहे. प्रत्येक संघटना अखेर मूठभर नेत्यांच्या हाती जाते, असा सिद्धांत रोबर्ट मिखेल्स ह्याने १९११ मध्ये मांडला होता. लिप्सेट, ट्रो आणि कोलमन ह्या तीन समाजशास्त्रज्ञांनी १९५६ साली प्रसिद्ध केलेल्या ‘युनियन डेमॉक्रसी’ ह्या ग्रंथात ह्या सिद्धांतास अपवाद म्हणून ह्याच संघाचे उदाहरण घेतले. येथे दोन पक्ष खुलेपणाने निवडणुका लढवीत आणि अधिकारारूढ अध्यक्षाचा पराभवही होई. ह्याची मुळे व्यवसायाच्या स्वरूपात होती. जुळारी सुशिक्षित होते. त्यांच्या वेतनात फारशी तफावत नव्हती. नेतेपद गेले, तरी पुन्हा यंत्रावर बसण्यात मोठी मानहानी नव्हती. वृत्तपत्रांतील रात्रपाळीमुळे त्यांची मैत्री, क्रीडामंडळे आणि करमणूक आपसांतच असे. म्हणजे ज्या कसबामुळे संघ बलवान होता, त्याच कसबावर त्याची लोकशाहीही उभी होती.

मात्र दुसऱ्या महायुद्धानंतर परिस्थिती पालटू लागली. १९४७ च्या टाफ्ट-हार्टली कायद्याने केवळ संघसभासदांनाच कामावर घेण्याची पद्धत बेकायदा ठरविली. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात शिकागोच्या दैनिकांत सुरू झालेला संप १९४९ पर्यंत सुमारे बावीस महिने चालला. त्या काळात दैनिके बंद पडली नाहीत. टंकलिखित मजकुराची छायाचित्रे घेऊन त्यांवरून ठसे करण्यात आले आणि अंक निघत राहिले. पाने ओबडधोबड दिसत. पण खिळ्यावाचून वृत्तपत्र निघू शकते, हे त्यांनी सिद्ध केले.

ह्यानंतरची संघाची नीती अधिकाधिक बचावात्मक झाली. तयार साच्यावरून जाहिरात छापली, तरी तोच मजकूर पुन्हा जुळवावा, तपासावा आणि वितळवून टाकावा, असा एक जुना नियम होता. १९५३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो बेकायदा नसल्याचा निर्णय दिला. तथापि जे काम वितळविण्यासाठीच करावयाचे, ते कसबाचा अभिमान कितपत टिकवू शकेल, हा प्रश्न न्यायालयाच्या कक्षेबाहेरचा होता. ८ डिसेंबर १९६२ रोजी बर्ट्रम पॉवर्स ह्यांच्या नेतृत्वाखाली न्यूयॉर्कच्या जुळाऱ्यांनी संप पुकारला. वेतन व कामाचे तास ह्यांबरोबरच यंत्रे आपोआप चालविणाऱ्या छिद्रित फितींचा प्रश्न त्यात महत्त्वाचा होता. ११४ दिवसांनी तडजोड झाली. पस्तीस तासांचा आठवडा मिळाला आणि फितींच्या वापरावर मर्यादा आल्या. परंतु १९६३ मध्येच ‘मिरर’ बंद पडले आणि १९६७ पर्यंत आणखी दैनिके अस्तास गेली. ह्याचा सर्व दोष संपाकडे देता येणार नाही. दूरदर्शन, उपनगरांची वाढ आणि जाहिरातींचा ओघ हीही कारणे होती. तरीही ज्या उद्योगातून आपला वाटा मागावयाचा, तो उद्योगच आकुंचन पावत होता, हे मान्य करावे लागते.

छायाजुळणी आणि संगणक ह्यांनी अखेरचा निर्णय केला. लायनोटाइपने जुळाऱ्याची जागा हलविली होती, संगणकाने ती काढून टाकली. बातमीदाराने आपल्या पडद्यासमोर बसून मजकूर लिहिला की तोच मजकूर थेट जुळून येऊ लागला. जुळणी ही लेखनाहून वेगळी क्रियाच उरली नाही. यंत्रावर आमचाच माणूस बसेल, ही मागणी ज्या आसनासंबंधी होती, ते आसनच नाहीसे झाले. पॉवर्स ह्यांनी हे ओळखले होते. १९७४ मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’ आणि ‘डेली न्यूज’ ह्यांच्याशी त्यांनी अकरा वर्षांचा करार केला. मालकांस स्वयंचलनाची मोकळीक मिळाली आणि त्या वेळच्या जुळाऱ्यांस आजन्म नोकरीची हमी. २ जुलै १९७८ चा ‘टाइम्स’चा अंक शिशाच्या जुळणीवर निघालेला अखेरचा अंक ठरला. १९८६ अखेर सभासदांनी दळणवळण-कामगारांच्या संघात विलीन होण्याचा निर्णय घेतला आणि सव्वाशेहून अधिक वर्षांच्या स्वतंत्र अस्तित्वाची समाप्ती झाली.

ह्या कराराचे मोल लंडनच्या उदाहरणाशी ताडून पाहिले असता स्पष्ट होते. तेथे तडजोड होऊ शकली नाही. १९८६ च्या जानेवारीत रूपर्ट मर्डोक ह्यांनी आपली वृत्तपत्रे वॉपिंग येथील नव्या छापखान्यात हलविली आणि संपावर गेलेल्या सुमारे ५,५०० कामगारांस एका फटक्यात कामावरून दूर केले. एक वर्षाच्या लढ्यानंतरही त्यांस त्या जागा परत मिळाल्या नाहीत. न्यूयॉर्कच्या जुळाऱ्यांनी व्यवसाय गमावला, पण माणसे वाचविली. लंडनमध्ये दोन्ही गेले.

तेव्हा ह्या संघाचा अंत केवळ नेतृत्वाच्या चुकीमुळे अगर सभासदांच्या हट्टामुळे झाला, असे म्हणणे न्यायाचे होणार नाही. कसबावर आधारलेली संघटना कसब स्थलांतरित झाले तर त्याच्यामागून जाऊ शकते. कसबच अनावश्यक झाले, तर तिला जाण्यास ठिकाण उरत नाही. अशा वेळी तिच्या हाती एकच गोष्ट राहते. जुने सामर्थ्य पुरते ओसरण्यापूर्वी त्याच्या मोबदल्यात विद्यमान सभासदांसाठी सुरक्षितता मिळविणे, ही ती गोष्ट होय. १९७४ च्या करारात नेमके हेच घडले. मात्र ती हमी त्या पिढीपुरती होती. पुढच्या पिढीस व्यवसायात येण्याचा मार्गच त्या कराराने बंद झाला, आणि प्रवेशद्वारावरील ताब्यापासून सुरू झालेला हा इतिहास प्रवेशद्वार मिटण्यापाशी संपला.