बटाटावर्गीय वनस्पतींतील नैसर्गिक विषे

बटाटा, वांगे, टोमॅटो, मिरची आणि धोतरा ही सोलॅनेसी कुलातील भावंडे. बटाट्यातील विषे म्हणजे सोलॅनीन व चॅकोनीन ही ग्लायकोअल्कलॉइडे. कीड-बुरशीपासून बचावासाठी झाड ती स्वतःच तयार करते. ती साल, डोळे, कोंब आणि हिरव्या भागांत साठतात. १०० ग्रॅम बटाट्यात २० मिलिग्रॅमपर्यंतचे प्रमाण सुरक्षित मानतात.

रत्नागिरीत बटाटा बहुतांशी घाटावरून येतो. पावसाळी दमट हवेत घरात ठेवलेल्या बटाट्याला लवकर कोंब फुटतात. उजेड लागला की साल हिरवी होते. हा हिरवा रंग निरुपद्रवी हरितद्रव्याचा असतो, पण त्याच उजेडाने विषही वाढते, म्हणून रंग ही धोक्याची खूण समजावी. उकडून वा तळून हे विष फारसे कमी होत नाही. साल जाड काढावी, डोळे कोरून टाकावेत. कडू लागणारा बटाटा सरळ फेकावा. विषबाधेत मळमळ, उलट्या, जुलाब, पोटात कळा येतात. १९६९ मध्ये लंडनमधील एका शाळेत अशा बटाट्यांनी ७८ मुले आजारी पडली होती.

महादेवाला वाहिला जाणारा धोतरा याहून फार घातक. त्याच्या बियांतील अ‍ॅट्रोपीन व स्कोपोलामीनमुळे तोंड कोरडे पडते, बाहुल्या विस्फारतात, माणूस भ्रमिष्ट होतो. अशा रुग्णाला तातडीने रुग्णालयात न्यावे. हेच अ‍ॅट्रोपीन मोजून दिले की औषध ठरते: आंबाबागांत फवारल्या जाणाऱ्या ऑर्गॅनोफॉस्फरस कीटकनाशकांच्या विषबाधेवर तोच मुख्य उतारा आहे.